बदअमल ते गैरवर्तणूक : गावचे पद कोणाचे?

इ. स. १६४६ च्या जानेवारी महिन्यातले एक पत्र मराठ्यांच्या इतिहासाच्या अभ्यासकांना चांगले परिचित आहे. खेडेबारे तर्फेतील मौजे रांझे या गावचा मोकदम, म्हणजे पाटील, बाबाजी बिन भिकाजी गुजर याच्या हातून पाटीलकी करीत असता काही ‘बदअमल’ घडला. त्याची हकीकत शिवाजीराजांच्या कानी गेली. बाबाजीला हुजूर आणवण्यात आले, चौकशी झाली, बदअमल खरा ठरला. त्याची पाटीलकी अमानत करण्यात आली आणि त्याचे हातपाय तोडण्यात आले. पुढे त्याच्याच गोतातल्या सोनजी गुजराने त्याच्या सांभाळाची जबाबदारी पत्करली आणि ती पाटीलकी सोनजीकडे गेली. शिवाजीराजांची मुद्रा असलेल्या आरंभीच्या पत्रांत या पत्राची गणना होते.

या पत्रावर आजवर पुष्कळ लिहिले गेले आहे. बदअमल कोणता, याविषयी लोकांच्या मनात एक कथाही रुजलेली आहे. पत्र मात्र तपशिलात शिरत नाही, ‘बदअमल’ एवढा एकच शब्द वापरून पुढे जाते. आम्हांला येथे शिक्षेच्या कठोरपणाची चर्चा करावयाची नाही. आमचे लक्ष एका वेगळ्या गोष्टीकडे आहे. गावच्या प्रमुखाला पदावरून दूर करण्याची सगळी कार्यपद्धती या लहानशा मजकुरात आलेली आहे : तक्रार, हजेरी, चौकशी, दोषसिद्धी, पदाची तात्पुरती व्यवस्था आणि नवी नेमणूक.

याच्या शेजारी आता दुसरा एक मजकूर ठेवू. १९५८ सालच्या ग्रामपंचायत अधिनियमाचे (आरंभी ‘मुंबई’ आणि अलीकडे ‘महाराष्ट्र’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या कायद्याचे) कलम ३९. सरपंच, उपसरपंच किंवा सदस्य यांना पदावरून कोणत्या कारणांसाठी दूर करता येते, ते हे कलम सांगते. कर्तव्य बजावताना केलेली गैरवर्तणूक, कोणतीही लांछनास्पद वर्तणूक, कर्तव्याकडे दुर्लक्ष, ते पार पाडण्याची असमर्थता आणि सततची कसूर. येथेही तक्रार आहे, नोटीस आहे, चौकशी आहे, म्हणणे मांडण्याची संधी आहे. तीन शतकांहून अधिक काळ मध्ये गेला, राज्ये गेली, भाषेची वळणे बदलली, तरी ‘बदअमल’ आणि ‘गैरवर्तणूक’ हे शब्द एकमेकांचे सख्खे भाऊ वाटावेत इतके जवळचे आहेत. दोन्ही शब्द मुद्दाम सैल ठेवलेले आहेत. काय केले म्हणजे बदअमल होतो हे पत्र सांगत नाही, आणि कोणती वर्तणूक लांछनास्पद हे कलम सांगत नाही.

मग बदलले काय? आमच्या मते एकच गोष्ट बदलली, पण ती मूलभूत आहे. बाबाजी गुजराचे पद त्याच्या घराण्याचे होते. सरपंचाचे पद त्याचे नसते. पदावरून दूर करण्याची कारणे वरवर सारखी दिसली तरी त्यांचा अर्थ ‘पद कोणाचे?’ या प्रश्नाच्या उत्तरावर ठरतो. प्रस्तुत लेखात या उत्तराचा इतिहास थोडक्यात पाहावयाचा आहे.

वतनाचे पद

मराठेशाहीतली पाटीलकी हे वतन होते. ते वारसाहक्काने चाले, त्याची वाटणी होई, प्रसंगी विक्रीही होई. मान, हक्क, इनाम जमीन आणि जबाबदारी यांचे ते गाठोडे होते. वतनाविषयी तंटा उपस्थित झाला की गोतसभा बसे आणि तिच्या निवाड्याचा महजर लिहिला जाई. अशा व्यवस्थेत पाटलाला ‘पदावरून काढणे’ ही कल्पनाच अवघड होती; कारण काढावयाचे ते पद नव्हे, मालमत्ता होती. म्हणूनच रांझ्याच्या पत्रात पाटीलकी ‘अमानत’ केली जाते, म्हणजे सरकारच्या हाती ठेव म्हणून राहते, आणि अखेर गुजरांच्या गोतातच परत जाते. माणूस दूर झाला, घराणे राहिले. गावाने कोणाला निवडले होते, हा प्रश्न तेथे उद्भवतच नव्हता.

‘पंच’ हा शब्दही तेव्हा वेगळ्या अर्थाने वावरत होता. पंच हे गावाचे कारभारी नसून तंट्यात निवाडा करणारे लोक होते. उभय पक्ष आपल्याला निवाडा मान्य असेल असे लिहून देत, त्या लेखाला ‘राजीनामा’ म्हणत. राजी असल्याचा नामा, तो राजीनामा. ब्रिटिश महसुली कारभारात खातेदार जमीन सोडून देई तेव्हा त्याने लिहून दिलेल्या कागदालाही हेच नाव होते. संमतीचा हा शब्द सोडून देण्याचा कसा झाला आणि आज सरपंचाच्या राजीनाम्यापर्यंत कसा आला, हा भाषेच्या विद्यार्थ्यांसाठी स्वतंत्र अभ्यासाचा विषय आहे. येथे एवढेच नोंदवतो की, चौकशी अंगावर येताच राजीनामा देऊन सुटू पाहणाऱ्याचाही विचार कलम ३९ ने केला आहे. दोष आढळल्यास अशा व्यक्तीलाही काही वर्षे अपात्र ठरवता येते. राजी होऊन निघून गेल्याने दोष धुतला जात नाही, ही त्यामागील भूमिका.

चाकरीचे पद

इंग्रजांनी पाटीलकी मोडली नाही, ती आपल्या यंत्रणेला जोडून घेतली. १८७४ च्या वंशपरंपरागत हुद्द्यांच्या कायद्याने, ज्याला सर्वसाधारणपणे वतन कायदा म्हणतात, वतनाची मालकी आणि प्रत्यक्ष चाकरी यांत फरक केला. वतनदार घराणे एक, आणि त्यातून काम पाहणारा माणूस वेगळा. काम पाहणारा सरकारला जबाबदार झाला. त्रिंबक नारायण आत्रे यांच्या १९१५ साली प्रसिद्ध झालेल्या ‘गावगाडा’ या ग्रंथात या संक्रमणानंतरचे गाव दिसते. आत्रे स्वतः महसूल खात्यात काम केलेले गृहस्थ होते, त्यामुळे वतनदार आणि सरकारी चाकर या दुहेरी भूमिकेतली ओढाताण त्यांनी जवळून पाहिली होती.

या काळात पाटलाला दूर करण्याचे कारण नैतिकतेपेक्षा प्रशासकीय अधिक झाले. वसुली झाली की नाही, वर्दी वेळेवर दिली की नाही, हुकूम पाळला की नाही, हे पाहिले जाऊ लागले. वरिष्ठ आणि कनिष्ठ यांच्यातले हे नाते होते. ‘कर्तव्यात कसूर’ ही भाषा याच दफ्तरी जगातली आहे, आणि आजच्या कलम ३९ मध्ये ती तशीच वस्तीला आलेली दिसते. सरपंच मतदारांनी निवडलेला असतो, पण त्याला दूर करण्याच्या कलमाची भाषा सरकारी चाकराची आहे. ही विसंगती वाचकांनी ध्यानात ठेवावी, तिच्याकडे पुढे परत यावयाचे आहे.

स्वातंत्र्यानंतर जुन्या पाटीलकीचे तुकडे झाले. १९६२ च्या कायद्याने मुलकी पाटलाचे पद रद्द केले. पोलीस पाटील राहिला, पण तो नेमलेला. १९६७ च्या ग्राम पोलीस अधिनियमाखाली त्याची नेमणूकही अधिकारी करतो आणि बडतर्फीही. गावाचे पुढारपण म्हणून जे उरले ते निवडून येणाऱ्या सरपंचाकडे गेले. गावचावडी आणि ग्रामपंचायत या दोन इमारती कित्येक गावांत आजही समोरासमोर किंवा शेजारी-शेजारी आढळतात. आमच्या ग्रामीण कथेने आणि चित्रपटाने पाटील आणि सरपंच यांची जी सरमिसळ केली, तिचे एक कारण येथे आहे. पुष्कळदा घराणेही एकच असे.

निवडीचे पद

ग्रामपंचायतीचा पहिला कायदा मुंबई इलाख्यात १९२० साली आला, दुसरा १९३३ साली. या दुसऱ्या कायद्याचे विधेयक १९३२ साली मुंबईच्या कायदे कौन्सिलात चर्चेला आले तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्याला विरोध केला. अस्पृश्यांसाठी खास प्रतिनिधित्वाची तरतूद नसेल तर गावची पंचायत म्हणजे बहुसंख्याकांच्या हाती दिलेले आणखी एक हत्यार ठरेल, हा त्यांच्या म्हणण्याचा मथितार्थ होता. १९२८ साली त्यांनीच वतन कायद्यात दुरुस्ती सुचविणारे विधेयक मांडले होते आणि १९४८ च्या नोव्हेंबरात घटना समितीत खेड्यांच्या गौरवीकरणावर त्यांनी केलेली टीका तर सर्वश्रुत आहे.

पदच्युतीच्या आपल्या विषयाशी याचा संबंध काय, असे कोणी विचारील. संबंध फार जवळचा आहे. निवडणूक गावाच्या हाती द्यावयाची असेल, तर काढून टाकण्याचा अधिकारही गावालाच द्यावा, हे तर्काला धरून वाटते. पण गाव म्हणजे कोण? ज्या गावाने आरक्षणामुळे नाइलाजाने एखादी व्यक्ती खुर्चीवर बसलेली पाहिली, त्याच गावाच्या हाती तिला उठवण्याचा अधिकार विनाअट दिला तर काय होईल? उलट, तो अधिकार अधिकाऱ्याच्या हाती दिला तर मतदारांच्या निर्णयावर सरकारी शिक्का वरचढ ठरतो. १९५८ चा कायदा आणि त्याच्या पुढील दुरुस्त्या या दोन भयांच्या मधून वाट काढतात. २४ एप्रिल १९९३ पासून त्र्याहत्तरावी घटनादुरुस्ती अमलात आली, पंचायतीला घटनात्मक स्थान आणि पाच वर्षांची निश्चित मुदत मिळाली, अनुसूचित जाती-जमातींसाठी आणि स्त्रियांसाठी जागा व पदे राखीव झाली. महाराष्ट्राने २०११ साली स्त्रियांचे आरक्षण निम्म्यावर नेले. तेव्हापासून हा प्रश्न कागदावरचा राहिलेला नाही.

बाहेर जाण्याची तीन दारे

सरपंचाला मुदतीपूर्वी पदाबाहेर काढणारी तीन दारे कायद्यात आहेत. सर्वसाधारण बोलण्यात त्यांची गल्लत होते, म्हणून ती वेगळी करून पाहणे आवश्यक आहे.

पहिले दार कलम ३९ चे. येथे माणसाने ‘काय केले’ हे पाहिले जाते. जिल्हा परिषदेचे मुख्य कार्यकारी अधिकारी चौकशी करतात, विभागीय आयुक्त निर्णय देतात, त्यावर राज्य शासनाकडे अपील करता येते. याच कलमात एक वेगळे कारण पुढे जोडले गेले. पंचायतीचे वार्षिक हिशेब आणि विकासकामांवरील खर्चाचा अहवाल ग्रामसभेपुढे ठेवला नाही आणि त्याची माहिती फलकावर लावली नाही, तर गावातल्या किमान वीस टक्के मतदारांना तक्रार करता येते. मात्र तक्रार करणाऱ्यांनी घरपट्टी, पाणीपट्टी इत्यादी पंचायतीची देणी भरलेली असली पाहिजेत. हिशेब मागणाऱ्याने आधी आपला हिशेब चुकता करावा, ही अट आम्हांला मोठी अर्थपूर्ण वाटते. तिने मतदाराला तक्रारदारापेक्षा अधिक काही मानले आहे. पण पट्टी थकवणारा बहुधा गरीब असतो आणि हिशेबाची गरज त्यालाच सर्वांत जास्त असते, हेही विसरून चालत नाही.

दुसरे दार अविश्वासाचे, कलम ३५ चे. येथे दोष सिद्ध व्हावा लागत नाही. सदस्य तहसीलदारांकडे नोटीस देतात, खास सभा बोलावली जाते, मतदान होते. सरपंच सदस्यांमधून निवडला जात असताना दोन तृतीयांश मते लागत. पुढे महिलेसाठी राखीव पदावरील महिला सरपंचाविरुद्धच्या ठरावाला तीन चतुर्थांश मतांची अट आली. २०१७ साली सरपंचाची निवड थेट मतदारांतून होऊ लागली, २०२० साली ती पद्धत रद्द झाली, २०२२ साली पुन्हा आली. थेट निवडीबरोबर अविश्वासाचे दारही बदलले. निवडीनंतरची दोन वर्षे आणि मुदतीच्या अखेरचे सहा महिने ठराव आणता येत नाही, तीन चतुर्थांश सदस्यांनी तो संमत करावा लागतो आणि नंतर खास ग्रामसभेत गुप्त मतदानाने त्यावर शिक्कामोर्तब व्हावे लागते. ज्यांनी दिले त्यांनाच विचारून काढावयाचे, हे तत्त्व येथे प्रथमच स्पष्टपणे मान्य झाले.

तिसरे दार अपात्रतेचे, कलम १४ आणि १६ चे. येथे माणसाने पदावर असताना काय केले याच्याइतकाच, तो ‘कसा राहतो’ हा प्रश्न येतो. पंचायतीचा कर मागणीनंतर तीन महिन्यांत भरला का? पंचायतीच्या कंत्राटात हितसंबंध आहे का? सप्टेंबर २००१ नंतर तिसरे अपत्य झाले का? घरात शौचालय आहे का? शासकीय अथवा सार्वजनिक जागेवर अतिक्रमण केले आहे का? जिल्हाधिकारी निर्णय देतात आणि पद जाते. गैरवर्तणूक सिद्ध करावयाची तर कारभाराची कागदपत्रे लागतात, अविश्वासासाठी मते जमवावी लागतात. अपात्रतेसाठी एक अर्ज आणि एक मोजणी नकाशा पुरतो. गावच्या राजकारणात हे तिसरे दार सर्वाधिक का वाजते, ते यावरून ध्यानात यावे.

घराच्या भिंतीचा प्रश्न

अतिक्रमणाच्या तरतुदीचा हेतू निर्विवाद आहे. गायरानाचे रक्षण ज्याने करावयाचे त्यानेच ते बळकावू नये. पण ‘अतिक्रमण केलेली व्यक्ती’ म्हणजे कोण? आजोबांनी सरकारी जागेत बांधलेल्या घरात राहणारी नात ही अतिक्रमण करणारी ठरते का? सर्वोच्च न्यायालयाने २०१७ साली या शब्दांचा अर्थ काटेकोरपणे लावला आणि ज्याने प्रत्यक्ष अतिक्रमण केले तोच अपात्र, असे म्हटले. पुढच्याच वर्षी, २०१८ साली, तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो अर्थ नाकारला. अतिक्रमित जागेचा उपभोग जो चालू ठेवतो तोही अपात्र, अन्यथा तरतुदीचा हेतूच पराभूत होईल, असे त्या पीठाचे मत पडले. एकाच शब्दाचे हे दोन अर्थ आहेत. पहिला अर्थ शब्दाशी इमान राखतो, दुसरा हेतूशी. समीक्षेच्या विद्यार्थ्याला हा वाद परका वाटू नये, संहिता आणि अभिप्राय यांचा तो जुनाच झगडा आहे. मात्र येथे अर्थनिर्णयाच्या शेवटी कोणाचे तरी पद जाते.

हेतूकडे पाहणारा अर्थ कायद्याच्या दृष्टीने सयुक्तिक असला, तरी गावातल्या घरांचा इतिहास त्याला जाऊन भिडतो. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या स्वतःची जमीन नव्हती, त्यांची घरे गावठाणाच्या कडेला, गायरानात, सरकारी पडीक जागेतच उभी राहिली. ज्या समाजघटकांना आरक्षणाने प्रथमच खुर्ची मिळाली, त्यांच्याच घराच्या भिंती नकाशाच्या रेषेबाहेर असण्याची शक्यता अधिक. नियम सर्वांना सारखा आहे, पण तो सर्वांवर सारखा पडत नाही.

जळगाव जिल्ह्यातील एका गावच्या महिला सरपंचाचे प्रकरण २०२४ च्या सप्टेंबरात सर्वोच्च न्यायालयापुढे आले. त्या सासूसमवेत शासकीय जागेवरील घरात राहतात असा आरोप होता. आपण पती व मुलांसह वेगळ्या भाड्याच्या घरात राहतो असे त्यांचे म्हणणे होते. जिल्हाधिकाऱ्यांनी त्यांना अपात्र ठरवले, आयुक्तांनी ते कायम केले, उच्च न्यायालयातही त्यांना यश आले नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे आदेश रद्द केले. एक स्त्री सरपंच झाली आहे आणि तिच्या निर्णयाप्रमाणे चालावे लागणार, हे काही गावकऱ्यांना पचले नाही, असे न्यायालयाने नमूद केले, आणि निवडून आलेल्या प्रतिनिधीला, विशेषतः ग्रामीण भागातील स्त्रीला, पदावरून काढण्याची बाब यंत्रणेने इतक्या सहजपणे हाताळू नये, असेही सुनावले. १९३२ साली कौन्सिलात व्यक्त झालेल्या भयाची ही दूरची, पण स्पष्ट साक्ष आहे.

अमानत

आता मघाच्या विसंगतीकडे परत येऊ. कलमाची भाषा चाकराची आहे आणि माणूस निवडलेला आहे. ही फट न्यायालयांनी अर्थनिर्णयाने भरून काढली आहे. २०१२ साली उरण नगर परिषदेच्या अध्यक्षांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जे विवेचन केले, ते गावच्या पदालाही लागू पडावे असे आहे. निवडून आलेला पदाधिकारी हा सरकारी नोकर नव्हे. त्याला दूर केल्याने त्याच्यावर कलंक येतो आणि त्याच्याबरोबर त्याच्या मतदारांचा प्रतिनिधित्वाचा हक्कही जातो. म्हणून प्रकरण स्वच्छ सिद्ध झाल्याखेरीज आणि विहित रीत काटेकोरपणे पाळल्याखेरीज हे पाऊल उचलू नये, असे त्याचे सार. म्हणजे कारणाचा शब्द सैल असला, तरी तो वापरणारा हात सैल असता कामा नये.

याचा अर्थ भ्रष्ट सरपंचाला अभय द्यावे असा कोणी करील तर ती आमच्या म्हणण्याची विटंबना होईल. पंचायतीचा पैसा ज्याने खाल्ला, ग्रामसभा ज्याने बोलावली नाही, दाखल्यासाठी विधवेला ज्याने खेटे घालायला लावले, त्याला पाच वर्षे सोसण्याचे बंधन गावावर असू नये. आमचा आग्रह एवढाच की, कारण आणि निमित्त यांत फरक करावा. कारण पदाच्या कारभारातून येते, निमित्त माणसाच्या आडनावातून, लिंगातून किंवा घराच्या भिंतीतून शोधले जाते. बाबाजी गुजराच्या पत्रात बदअमल आधी घडला आणि मग चौकशी झाली. आज कित्येक ठिकाणी क्रम उलटा असतो. माणूस नको हे आधी ठरते आणि मग कलम शोधले जाते.

रांझ्याच्या पत्रातला ‘अमानत’ हा शब्द आम्हांला म्हणूनच महत्त्वाचा वाटतो. तेथे तो पद रिकामे असतानाच्या काळापुरता आला आहे. वतन मालकाकडून काढले, पुढचा मालक ठरेपर्यंत ते ठेव म्हणून राहिले. लोकशाहीत हीच मधली अवस्था पदाची कायमची अवस्था झाली. सरपंच बसलेला असतानाही खुर्ची अमानतच असते, आणि ठेव गावाची असते. ठेवीत अफरातफर झाली तर ती काढून घेतलीच पाहिजे. पण ज्याच्या हाती ती ठेवली तो आपल्याला आवडत नाही म्हणून ती हिसकावणे, ही ठेवणाऱ्याच्याच हक्काची लूट होय. कलम १४, ३५ आणि ३९ वाचताना शेजारी रांझ्याचे पत्र ठेवावे, असे आम्ही विद्यार्थ्यांना सुचवतो ते याचसाठी.